मेकओव्हर शोमध्ये 'टेक्स्चर एक्स्पर्ट' म्हणून बोलावलंय, जाऊ का? (उत्तर लांबलचक आहे, वेळ काढून वाच)

तुझा प्रश्न नीट वाचला. थोडक्यात परत मांडते म्हणजे बाकी वाचणाऱ्यांनाही कळेल. तू न्यू जर्सीत एडिसनला सलूनमध्ये आहेस, लायसन्स आहे, गिऱ्हाईक जास्त करून देशी आणि लॅटिना, पण तिथल्या एका ब्लॅक सहकारी बाईकडून तू बॉक्स ब्रेड्स (चौकोनी भाग पाडून घातलेल्या सुट्या वेण्या), कॉर्नरोज (टाळूला चिकटून ओळीने घातलेल्या वेण्या), सिल्क प्रेस (केमिकल न लावता उष्णतेने केस सरळ करणं) शिकलीस, त्याचे रील्स चालले आणि आता एका स्ट्रीमिंगवरच्या मेकओव्हर शोवाल्यांनी विचारलंय की 'टेक्स्चर्ड हेअर एक्स्पर्ट', म्हणजे कुरळ्या, घट्ट वळणाच्या केसांची जाणकार, म्हणून पडद्यावर येशील का. तुझं म्हणणं, ताई जाऊ का, लोक म्हणतील का की आमचं घेऊन ही मोठी झाली, आणि यातून हेअरस्टायलिस्ट किम किंबलसारखं करिअर उभं राहतं का.

मी मूळची कोल्हापूरची, आता बरीच वर्षं अटलांटात. सुरुवात एका ब्लॅक मालकिणीच्या सलूनमध्ये केस धुण्यापासून केली, मग खुर्ची मिळाली, आणि आता बहुतेक काम शूटिंगवर असतं, नॅचरल केस (म्हणजे केमिकलने सरळ न केलेले) आणि विग दोन्ही. पडद्यावर मी स्वतः थोडीच आलेय, पडद्यामागे मात्र खूप असते, त्यामुळे जे सांगते ते त्या बाजूने बघून सांगते असं धर.

तू विचारतेस 'जाऊ का', पण माझ्या मते खरा प्रश्न वेगळा आहे. हे केस जेवढा वेळ मागतात तेवढा वेळ तो शो देणार आहे का, आणि खुर्चीत बसलेल्या बाईच्या केसांकडे ते दुरुस्त करायची अडचण म्हणून बघणार आहेत की केस म्हणून. या दोन गोष्टी कळल्या की बाकीचं आपोआप सुटतं. अर्थात बरंच काही परिस्थितीवर आहे, शो कसला आहे, सेटवर अजून कोण आहे, त्या बायकांना काय सांगून आणलंय, आणि तुझा हात खरंच किती बसलाय. तुझं काम मी पाहिलेलं नाही त्यामुळे शेवटच्या गोष्टीवर मी बोलणार नाही, ते तुझ्या त्या सहकारी बाईला विचार, तिने हो म्हटलं तर माझ्यापेक्षा तिचं प्रमाण मोठं.

आधी हे समजून घे की 'टेक्स्चर एक्स्पर्ट' नावाची जागा मुळात निर्माण का झाली. कारण टीव्ही-सिनेमावाल्यांनी वर्षानुवर्षं हे केस एकतर सरळ करून मागितले नाहीतर झाकून. १९६३ मध्ये सिसिली टायसन 'ईस्ट साइड/वेस्ट साइड' या मालिकेत स्वतःचे आखूड नॅचरल केस घेऊन आली तेव्हा ते किती धाडसाचं होतं याची आज कल्पना येणार नाही. १९७१ मध्ये न्यूयॉर्कची रिपोर्टर मेल्बा टॉलिव्हर ॲफ्रो (डोक्याभोवती गोल फुललेले कुरळे केस) ठेवून व्हाइट हाउसला गेली, प्रेसिडेंट निक्सनच्या मुलीच्या लग्नाची बातमी करायला, तर तिच्या चॅनेलने सांगितलं केस बदल नाहीतर पडद्यावर यायचं नाही. ओप्रा विन्फ्रीने स्वतः सांगितलेली गोष्ट आहे, सत्तरच्या दशकात ती बाल्टिमोरला अँकर होती, तिला न्यूयॉर्कच्या एका सलूनमध्ये पाठवलं, तिथे पर्मचं केमिकल डोक्यावर जळत राहिलं आणि नंतर सगळे केस गळून गेले, आणि ती त्याच अवस्थेत रोज टीव्हीवर येणारी बाई. बरं, हे सगळं जुनं म्हणून सोडून द्यावं तर 'हायस्कूल म्युझिकल'मधली मोनिक कोलमन २०२१ मध्ये बोलली की त्या सिनेमात ती कायम हेअरबँड लावून दिसते कारण सेटवर तिचे पुढचे केस इतके वाईट केले होते की ते झाकायला तिनेच तो मार्ग सुचवला. शेवटच्या दोघींचं बघ, कॅमेऱ्यापुढे यायला बाई तयार होती, तिच्या डोक्यावर काम करायला शिकलेला हात तिथे नव्हता. आजही मी अशा कितीतरी ॲक्ट्रेस बघते ज्या पहाटेच्या कॉलला घरूनच केस करून येतात, स्वतःचं लीव्ह-इन कंडिशनर, स्वतःची जेल, स्वतःचा ब्रश पिशवीत, कारण कुठल्या सेटवर काय मिळेल याचा भरवसा नाही आणि हा सगळा खर्च त्यांच्या पदरचा. २०२३ च्या संपानंतर ॲक्टर्स युनियनच्या करारात केस-मेकअपच्या समान वागणुकीची कलमं आली ती काही उगाच नाही आली.

म्हणून तुला बोलावणं आलंय ही चांगलीच गोष्ट आहे, गरज खरी आहे. पण गरज आहे ती हाताची. शोवाल्यांना हात हवाय की नुसतं कॅमेऱ्यात चांगलं बोलणारं कुणी, हे तुला काढून घ्यायचंय.

आता किम किंबल. लोक तिला 'एल. ए. हेअर'मुळे ओळखतात, तो शो वी टीव्हीवर २०१२ मध्ये सुरू झाला. पण १९९७ च्या 'बॅप्स' सिनेमातली हॅली बेरीची ती उंचच्या उंच सोनेरी केशरचना आठवते का, ती किमचं काम. तिची आईसुद्धा याच धंद्यातली, शोमध्ये ती दिसतेही. म्हणजे सिनेमाचं पहिलं मोठं काम आणि स्वतःचा शो यात पंधरा वर्षं गेली, मध्ये बियॉन्सेपासून कितीतरी जणींची डोकी तिच्या हाताखालून गेली, आणि शो आला तेव्हा कॅमेरा तिच्या चालू सलूनमध्ये शिरला. तिने कॅमेऱ्यासाठी सलून नाही उघडलं. तुझ्या बाबतीत क्रम उलटा होतोय, आधी कॅमेरा आणि मग या केसांच्या कामातला जम, आणि उलट्या क्रमाने पण काही जणी टिकतात हे मान्य, पण त्यांना पडद्यावर असतानाच खाली पाया घालावा लागतो आणि ते फार दमवणारं असतं.

दुसरा माणूस बघायचा तो आंद्रे वॉकर, ओप्राचा हेअरस्टायलिस्ट. सात डेटाइम एमी (टीव्हीचे पुरस्कार) मिळालेत त्याला. आज तुझ्या खुर्चीत येऊन बाई 'मी फोर-सी' (सगळ्यात घट्ट वळण) म्हणते ना, ती केसांच्या वळणाला नंबर द्यायची एक ते चारची पद्धत त्याने नव्वदच्या दशकात मांडली आणि मग लोकांनी त्यात भर घातली. एवढा मोठा माणूस, पण २०११ मध्ये एका मुलाखतीत त्याने असं सुचवलं की अगदी घट्ट वळणाच्या केसांना स्टाइलचे पर्याय कमी, आणि प्रोफेशनल रिलॅक्सर (केस कायमचे सरळ करणारं केमिकल) लावून बदलावेत असं तो फक्त याच केसांना सांगेल, तर ब्लॅक बायकांनी त्याला चांगलंच धारेवर धरलं. बरोबरच होतं त्यांचं. ही गोष्ट तुला यासाठी सांगते की पडद्यावरच्या एक्स्पर्टचं एक वाक्य घराघरात जातं आणि कुठल्यातरी दहा वर्षांच्या मुलीच्या डोक्यात जाऊन बसतं की माझे केस म्हणजे शेवटचा नंबर. सलूनमध्ये तू चुकीचं बोललीस तर समोरची बाई तिथेच तुला सुनावते आणि विषय संपतो, कॅमेऱ्यापुढे ती सोय नाही.

आणि त्या नंबरांबद्दल अजून एक, कारण शोवाले तुला नक्की विचारणार 'ही कुठल्या टाइपची'. नंबर फक्त वळणाचा आकार सांगतो. एकाच फोर-सी म्हणवणाऱ्या दोघींपैकी एकीचा केस रेशमाच्या धाग्याएवढा बारीक असतो आणि दुसरीचा जाड, एकीचे केस पाणी लगेच पितात, दुसरीच्या केसांवर पाणी थेंब थेंब होऊन बसतं. हाताने तपासल्याशिवाय यातलं काही कळत नाही. मी ओल्या केसाची एक बट बोटांत घेऊन हलकी ओढून बघते, किती ताणते आणि परत जागेवर येते का, आणि मग कानशिलावरची आणि कपाळावरची कड बघते, इथे जिला एजेस म्हणतात. आधीच्या वेण्या घट्ट झाल्या असतील तर कडेला बारीक पांढऱ्या पुटकुळ्या दिसतात, मुळाशी ताणल्यासारखी चमकदार कातडी दिसते. असं दिसलं की त्या डोक्यावर त्या दिवशी वेण्या घालायच्या नाहीत, कुणी काही म्हणो. तसंच ओढत राहिलं तर तिथले केस कायमचे जातात, चाई पडल्यासारखी कपाळाची रेघ मागे सरकते आणि ती परत येत नाही.

आता वेळ. मध्यम जाडीच्या नॉटलेस ब्रेड्स म्हणजे सहज पाच-सहा तास, कमरेपर्यंत हव्या असतील तर अजून. धुणं, कंडिशनर लावून टोकाकडून मुळाकडे गुंता सोडवणं, ताणून वाळवणं, मग शेपटीच्या कंगव्याने भांग पाडून चौकोन आखणं, प्रत्येक वेणी आधी स्वतःच्या केसाने सुरू करून थोडी थोडी सिंथेटिक बट आत घालत जाणं म्हणजे मुळाशी गाठ आणि वजन येत नाही, शेवटी टोकं उकळत्या पाण्यात बुडवून बंद करणं. शोमध्ये याचे चाळीस सेकंद होतात, वरती म्युझिक. जे कापलं जातं ते नेमकं सगळ्यात मोलाचं असतं. गुंता सोडवताना बाई बोलायला लागते. लहानपणी स्वयंपाकघरात शेगडीवर तापवलेल्या लोखंडी फणीने आई केस सरळ करायची आणि कानाला चटका बसायचा, शाळेत कोण काय बोललं, ऑफिसमध्ये इंटरव्ह्यूला कुठले केस करून जाऊ, हे सगळं त्या तासांमध्ये बाहेर येतं. आपल्याकडे आजी दर रविवारी तेल जिरवून नातींना न्हाऊ घालायची आणि त्या निमित्ताने सगळ्या बायका मागच्या दारी बसायच्या, तसा इथला वॉश डे असतो, फक्त इथे त्याला पिढ्यांची जखमही चिकटलेली आहे. ब्लॅक हेअर कल्चर जे म्हणतात ते तयार झालेल्या स्टाइलमध्ये जेवढं आहे त्याहून जास्त या मधल्या तासांत आहे, आणि मेकओव्हर शो नेमके तेच तास गाळतात. माझा या शोंवर राग आहे तो एवढ्याचसाठी.

आणि अजून एक गोष्ट आहे, ती मला सगळ्यात जास्त खटकते. 'आधी'चा फोटो. मेकओव्हरला आधी आणि नंतर लागतं, आणि प्रोड्युसरला 'आधी' जितकं वाईट तितकं बरं. म्हणून बाईला सांगतात केसांना काही न करता ये, मग तिचे मोकळे, न विंचरलेले नॅचरल केस कडक लाइटमध्ये दाखवतात, आणि 'नंतर'मध्ये काय, सरळ चमकते झुलणारे केस. तोंडाने कुणी एक अक्षर वाईट बोललेलं नसतं पण पूर्ण एपिसोड हेच सांगतो की डोक्यावर जन्मतः आलेलं ते बिघडलेलं होतं आणि आम्ही दुरुस्त केलं. तेव्हा तू पहिलं काम हे कर, त्यांच्या आधीच्या सीझनचे सगळे मेकओव्हर काढून बस आणि बघ, किती ब्लॅक बायकांचे केस 'नंतर'मध्येही कुरळेच राहिलेत, वेण्यांत राहिलेत, आखूड ॲफ्रोच राहिलेत. एकही नसेल तर ते तुला कशाला बोलावतायत हे वेगळं सांगायला नको. सीझन पहिलाच असेल तर स्पष्ट विचार.

सिल्क प्रेसच्या मी विरोधात नाही हां, गैरसमज नको. सुंदर काम आहे, नीट केलं तर. स्वच्छ धुतलेले, पूर्ण कोरडे केस, अगदी पातळ थर, पुढे कंगवा आणि मागे प्लेट (केस सरळ करायची तापती इस्त्री), एका थरावर शक्यतो एकदाच फिरवायची, केसाच्या जाडीप्रमाणे साधारण ३५० ते ४०० फॅरनहाइट. पण शूटिंगमध्ये काय होतं, अँगल बदलला की म्हणतात परत एकदा प्लेट फिरव, वाफ दिसली नाही, परत एकदा. तीच बट तिसऱ्यांदा तापली की पुढच्या धुण्याला तिथलं वळण परत येत नाही, सगळे केस आखडून छान कुरळे झालेले आणि मध्येच एक सरळ बट लोंबते. कॅमेरा तेव्हा घरी गेलेला असतो, ती बाई सहा महिने ती बट कापत बसते. म्हणून रिटेक हवा असेल तर प्लेट बंद करून नुसती फिरवेन, किंवा मागच्या दुसऱ्या थरावर करेन, हे तू आधीच सांगून ठेवायचं.

रिलॅक्सरबद्दल मात्र माझं मत पक्कं आहे, शोमध्ये हात लावायचा नाही. ऑक्टोबर २०२२ मध्ये अमेरिकेच्या एनआयएच या सरकारी आरोग्य-संशोधन संस्थेचा अभ्यास आला, तेहतीस हजारांवर बायकांचा, त्यात केस सरळ करणारी केमिकल्स कधीच न वापरणाऱ्यांमध्ये सत्तरीपर्यंत गर्भाशयाचा कॅन्सर होण्याची शक्यता १.६४ टक्के निघाली आणि वारंवार वापरणाऱ्यांमध्ये ४.०५ टक्के. याने कारण सिद्ध झालं असं नाही, संबंध दिसला एवढंच, पण ही उत्पादनं वापरणाऱ्यांत ब्लॅक बायकांचं प्रमाण खूप मोठं आहे आणि सुरुवात लहान वयात होते. माझ्या खुर्चीत कुणी स्वतःहून मागितलं तर मी सगळं समजावून सांगते आणि निर्णय तिचा असतो. एका दिवसाच्या शूटिंगसाठी, समोर कॅमेरे आणि भोवती वीस माणसं असताना, तिला तो निर्णय मोकळेपणाने घेता येतो असं मला वाटत नाही.

आता तुझा नाजूक प्रश्न, लोक काय म्हणतील. काही जणी म्हणतीलच, आणि त्यांच्याकडे कारण आहे. १९८१ मध्ये अमेरिकन एअरलाइन्समध्ये काम करणारी रेनी रॉजर्स कॉर्नरोज घालायच्या हक्कासाठी कोर्टात गेली आणि हरली. तुझ्याच राज्यात २०१८ च्या डिसेंबरमध्ये एका शाळकरी कुस्तीगिराला पंचाने सांगितलं लॉक्स (केस आपसात गुंफून वाढवलेल्या दोरीसारख्या बटा) काप नाहीतर मॅच सोड, आणि सगळ्यांसमोर त्याचे केस कापले गेले, तो व्हिडिओ देशभर बघितला गेला. कॅलिफोर्नियात २०१९ मध्ये पहिला क्राउन ॲक्ट झाला, केसांवरून नोकरीत आणि शाळेत भेदभाव करायचा नाही असा, त्याच वर्षी न्यूयॉर्क आणि न्यू जर्सीनेही केला, पण देशपातळीवर २०२२ मध्ये संसदेच्या हाउसमध्ये पास होऊनही सिनेटमध्ये अडकला. ज्या वेण्यांसाठी एकीला कोर्टात हरावं लागलं त्याच वेण्या घालून देऊन दुसरी टीव्हीवर एक्स्पर्ट होणार, तर पहिलीला टोचणारच. तिथे वाद घालून जिंकायला जाऊ नकोस, तुला जिंकायचं काही नाहीये.

करता येण्यासारखं काय आहे ते सांगते. ज्या बाईने तुला शिकवलं तिचं नाव प्रोड्युसरला दे. म्हण की आम्ही दोघी येऊ, तिला माझ्याएवढंच मानधन आणि तिचं नाव पडद्यावर. ते हो म्हणाले तर उत्तम, तुझी अर्धी काळजी तिथेच मिटली, कारण सेटवर चुकीचं काही घडत असेल तर बोलणारं दुसरं माणूस आहे आणि ते तुझ्यापेक्षा जास्त जाणतं. ते नाही म्हणाले आणि फक्त तूच हवी असशील तर का, हे विचार. मला विचारशील तर त्या अटीवर मी गेले नसते. २०२१ मध्ये मिया नील आणि जमिका विल्सन या दोघी मेकअप-हेअरचं ऑस्कर घेणाऱ्या पहिल्या ब्लॅक बायका ठरल्या, 'मा रेनीज ब्लॅक बॉटम' या सिनेमासाठी. लक्षात घे, २०२१. या कामातलं सगळ्यात मोठं श्रेय त्यांच्यापर्यंत पोचायला एवढा काळ लागला. मिया नीलने त्या सिनेमातल्या एका विगसाठी इंग्लंडवरून घोड्याचे केस मागवले, ते आले तेव्हा घाणीने भरलेले होते, ते उकळून साफ करून मग एक एक करून हाताने गाठवले, कारण ज्या गायिकेवर तो सिनेमा आहे ती मा रेनी खरोखर घोड्याच्या केसांचे विग घालायची. हे असं काम करणाऱ्या बायका या धंद्यात पुष्कळ आहेत आणि त्यातल्या बहुतेकींना 'एक्स्पर्ट म्हणून या' असा फोन कधीच येत नाही.

तुझ्याकडे स्वतःचं सांगण्यासारखं काही नाही असं मात्र समजू नकोस. विव्ह (स्वतःच्या केसांत शिवून लावायचे जादा केस) आणि विगसाठी जे मानवी केस वापरतात त्यात भारतातून आलेले किती असतात हे तुला सप्लाय शॉपमध्ये दिसतंच. तिरुमलाला लोक नवस फेडायला मुंडण करतात, ते केस देवस्थान लिलावात विकतं. आणि आपल्याकडे गल्लीत फेरीवाले येतात, विंचरताना निघालेल्या केसांच्या गुंतवळावर फुगे नाहीतर भांडी देणारे, तेही शेवटी याच बाजारात जातात. या दोन केसांत जमीन-अस्मानाचा फरक. मुंडणाच्या केसांची सगळी मुळं एका बाजूला असतात त्यामुळे वरचे खवले एकाच दिशेने बसतात आणि ते गुंतत नाहीत, गुंतवळातल्या केसांची टोकं उलटसुलट, म्हणून ते ॲसिडमध्ये टाकून खवले काढतात, वरून सिलिकॉनचा थर देतात, दुकानात मऊ लागतात आणि चार धुण्यांत त्याचा गोळा होतो. गंगावन घेताना आपल्या आज्यांना हे कळायचं, आज अटलांटातली बाई अशा केसांच्या एका बंडलला शेकडो डॉलर मोजते आणि तिला कुणी सांगत नाही. हे तू पडद्यावर सांग, बंडल हातात धरून दाखव कसं ओळखायचं. हा तुझ्या गावाकडून सुरू होणारा धागा आहे, यावर बोलायचा तुला पूर्ण हक्क आहे आणि ऐकणारीचे पैसे वाचतील.

तसंच आपलं काही घरी ठेवून जायचं असतं. आपल्या तोंडात 'झिंज्या', 'राठ केस', 'केसांची वाट लागलीय' हे फार सहज येतं, देशी सलूनमध्ये तर दिवसभर चालतं. आणि लॉक्स बघून आपल्याला लगेच जट आठवते. महाराष्ट्रात जट म्हणजे अंधश्रद्धेपायी न धुता वाढू दिलेली, बाईच्या मानेला त्रास देणारी गोष्ट, अंनिसचे कार्यकर्ते ती सोडवायला किती कष्ट घेतात ते आपल्याला माहीत आहे. लॉक्स नियमित धुतात, वाळवतात, मुळाशी वळून बांधतात, त्यासाठी खास लोक्टिशियन असतात, माणसाने ठरवून वर्षानुवर्षं सांभाळलेली गोष्ट असते ती. हा फरक तुझ्या डोक्यात इतका स्पष्ट हवा की बेसावध क्षणी पण तोंडून वेडंवाकडं जाणार नाही, कारण सेटवर माइक दिवसभर चालू असतो.

इथपर्यंतचं एकत्र करते म्हणजे सुटायला नको: आधीचे एपिसोड बघून 'नंतर'चे केस तपास, शिकवणाऱ्या बाईला सोबत माग, रिलॅक्सर नाही, आणि डोकं तपासून नकार द्यायचा हक्क तुझा. हे पटलं तर पुढचं करारातलं.

करारात मी काय लिहून घेतलं असतं ते सांगते, वकील लावच, पण वकिलाला केसांतलं कळत नाही म्हणून. प्रत्येक बाईशी शूटिंगच्या आदल्या दिवशी कॅमेऱ्याशिवाय भेट, डोकं आणि टाळू बघायला. कामाचे तास स्टाइलप्रमाणे, म्हणजे वेण्या असतील तर पूर्ण दिवस, तिला जेवण आणि मध्ये उठून पाय मोकळे करायला वेळ, सहा तास एका जागी बसणं सोपं नसतं. 'आधी'चं शूटिंग कसं होणार ते तिला आणि तुला आधी सांगायचं, आणि तिला नको असेल तर तिचे रोजचे नीट केलेले केसच 'आधी' म्हणून दाखवायचे. तुझ्या तोंडची वाक्यं कापून जोडणार असतील तर निदान केसांबद्दलचा भाग तुला दाखवून मग लॉक करायचा, हे सहसा मान्य होत नाही पण मागायचं, मागितल्यावर ते काय म्हणतात त्यावरूनही बरंच कळतं. प्रॉडक्ट कुठलं वापरायचं हे स्पॉन्सरने नाही ठरवायचं, मिनरल ऑइल आणि जड वॅक्सने भरलेली जेल फुकट आली म्हणून तिच्या केसांत घालायची नाही. आणि वेण्या काढायची अपॉइंटमेंट, सहा-आठ आठवड्यांनी, शोच्या खर्चाने. हे कुणालाच आठवत नाही. वेण्या घालताना जेवढी काळजी लागते तेवढीच काढताना लागते, मुळाशी साठलेला मळ आणि गळलेले केस तसेच ओले केले तर असा गुंता होतो की कात्रीच लावावी लागते.

करिअरचं म्हणशील तर पडद्यावरची मिळकत लहरी असते, सीझन आला तर आला. खुर्ची सोडू नकोस, आठवड्यातले तीन दिवस तरी सलून चालू ठेव. आणि खरं सांगू, तुझ्यासारखीने पडद्यामागचाही विचार करावा असं मला मनापासून वाटतं. न्यूयॉर्क आणि इथे अटलांटात केस-मेकअपवाल्यांची युनियन एकच आहे, लोकल ७९८, हॉलिवूडला ७०६, आत जायला वेळ लागतो, कामाचे दाखले साठवावे लागतात, पण एकदा गेलीस की हेल्थ इन्शुरन्स आणि पेन्शन. त्या कामात शिकायला किती आहे बघ, सीन उलटसुलट क्रमाने शूट होतात, आज सकाळचा ट्विस्ट-आउट (केसांना पीळ घालून मग सोडून केलेली स्टाइल) दुपारच्या दमट हवेत आखडून निम्मा होतो आणि तीन आठवड्यांनी त्याच सीनचा उरलेला भाग असतो, तेव्हा समोरून, दोन्ही बाजूंनी, मागून फोटो काढून ठेवायचे आणि वळण वळणाला जुळवायचं. म्हणूनच कितीदा स्वतःच्या केसांसारखाच विग बनवतात, आतले केस कॉर्नरोजमध्ये आराम करतात. आणि २०१४ मध्ये व्हायोला डेव्हिसने मालिकेत आरशासमोर विग काढून स्वतःचे केस दाखवले, २०२० मध्ये 'ब्लॅक-इश' मालिकेच्या केसांवरच्याच एपिसोडला हेअरस्टायलिंगची एमी मिळाली, असे क्षण या पडद्यामागच्या लोकांच्या भरवशावर होतात. शो झाला तरी हा रस्ता बंद होत नाही, दोन्ही चालू ठेवता येतं.

आता या आठवड्यात काय करशील. प्रोड्युसरला फोन नको, ई-मेल कर म्हणजे उत्तर लेखी येईल. चार गोष्टी विचार: सीझनमध्ये ब्लॅक बायका किती आणि त्यांना स्वतःला काय हवंय असं त्या म्हणाल्यात, एका बाईला किती तास, सोबत दुसरी एक्स्पर्ट घेणार का, आणि हेअर डिपार्टमेंटची हेड कोण आहे. उत्तर आलं की शोचं आणि माणसांची नावं काढून इथेच टाक, मी बघते, आणि इथे वाचणाऱ्यांत कुणी न्यूयॉर्कला नॉन-स्क्रिप्टेड, म्हणजे रिॲलिटी प्रकारच्या, शोवर काम केलेलं असेल तर तिने मानधनाचे आकडे सांगावेत, माझे अटलांटाचे आहेत ते तुला उपयोगाचे नाहीत.